शब्दचर्चा: 'कोसाकु'ला मराठीत काय म्हणावं?

रीळ

१९३९ सालचा एक जपानी बोलपट आहे, उचिदा तोमु या दिग्दर्शकाचा 'त्सुची'. आमच्या गटात तो मराठी सबटायटलं लावून दाखवायचं ठरलंय. जपानी जाणणाऱ्या मैत्रिणीने कच्चा मसुदा करून दिलाय आणि तो घासूनपुसून घ्यायचं काम माझ्या गळ्यात पडलंय.

गोष्ट थोडक्यात अशी. तोक्योच्या ईशान्येला इबाराकी म्हणून मुलूख आहे, तिथला कान्जी नावाचा गरीब माणूस. (मसुद्यात 'कांजी' होतं. सुती साडीला घालायची कांजी डोळ्यांपुढे येते, म्हणून न् चा पाय मोडून लिहिते आहे.) बायको वारलेली. घरात वयात येणारी मुलगी ओत्सुगी आणि धाकटा योकिची. सासऱ्याने, म्हणजे म्हाताऱ्या उहेइने, करून ठेवलेलं कर्ज कान्जीच्या डोक्यावर, आणि त्यापायी जावई-सासऱ्यांत विस्तव आडवा जात नाही. जमीन दुसऱ्याची. ती कसायची, मालकाचं माप घालायचं, उरेल त्यात वर्ष काढायचं.

आता अडचण. मसुद्यावरच्या परिचयात लिहिलंय, 'ग्रामीण कामगारांच्या जीवनावरचा चित्रपट'. मला ते खटकतंय. आणि आत संवादांत 'कोसाकु', म्हणजे अशी दुसऱ्याची जमीन कसणं किंवा कसणारा, हा शब्द येतो, तिथे कधी 'शेतमजूर', कधी 'भाडेकरू शेतकरी' असं घातलंय. एकच शब्द हवा आणि तो ऐकल्याबरोबर कळायला हवा. सुचवा.

आखाजी

'कामगार' आधी काढा. कामगार म्हटलं की गिरणीचा भोंगा ऐकू येतो. शेतावर कामगार नसतो हो. मजूर असतो, गडी असतो, रोजंदार असतो, निंदणीला बाया असतात. 'ऊसतोड कामगार' हा एक शब्द तेवढा रुळला, पण तोही संघटना झाल्या, करार झाले, कारखान्याशी संबंध आला म्हणून. कारखाना आहे म्हणून कामगार आहे.

यावरून आठवलं, आपल्याकडे बाबूराव पेंटरांचा 'सावकारी पाश' १९२५ चा. मूकपट. शांतारामबापूंनी त्यात शेतकऱ्याचं काम केलं होतं. त्या शेतकऱ्याची जमीन सावकाराच्या घशात जाते आणि तो शहरात जाऊन गिरणीत लागतो. तिथे तो कामगार होतो, शब्दशः. तुमचा कान्जी तर गाव सोडत नाही ना?

आमच्या खानदेशात असता तर मी त्याला सालदार म्हटलं असतं. सालदाराची बोली आखाजीला होते, म्हणजे अक्षय्य तृतीयेला. वर्षाचे पैसे किती, धान्य किती, कपडालत्ता कोणता, उचल किती, सगळं तेव्हाच. पण सालदार मालकाच्या शेतात मालकाचं काम करतो. पीक मालकाचं, नुकसान मालकाचं. कान्जीचं तसं दिसत नाही. मग वाटेकरी म्हणा. बटईने जमीन करतो, असं सरळ म्हणता येईल.

तलाठ्याची लेक

बटई नको. इथे फरक महत्त्वाचा आहे.

बटई, अर्धेली, निमे वाटा यांत पीक निघाल्यावर वाटणी होते. पिकलं दहा पोती तर पाच-पाच, दोनच पोती तर एक-एक. दुष्काळाचा फटका दोघांना. जपानी कोसाकुत बहुतेक ठिकाणी, विशेषतः भातखाचरांवर, तसं नव्हतं. दर खाचरामागे इतका तांदूळ असं माप आधीच ठरलेलं असायचं, आणि ते साधारण पिकाच्या निम्म्याच्या घरात जायचं. वर्ष वाईट गेलं तर मालकाच्या दारात जाऊन सूट मागायची. दिली तर दिली. निम्मं देण्यापेक्षा ही मागण्याची पाळी येणं जास्त जिव्हारी लागणारं असावं.

यामागे एक सरकारी कारण आहे आणि ते आपल्याकडच्या सारा-खंडाच्या गणितासारखंच आहे. १८७३ साली जपानच्या मेइजी सरकारने जमीन महसुलाची पद्धत बदलली. जमिनीची किंमत ठरवायची आणि तिच्या ३ टक्के सारा, रोखीने, जमीनमालकाकडून. पुढे चारच वर्षांत तो अडीच टक्क्यांवर आणला. मालक सरकारला पैसे देणार, पण कसणारा मालकाला तांदूळच देणार. तांदळाचा भाव चढला की मालकाच्या हातात जास्त पैसा, सारा मात्र तेवढाच. कसणाऱ्याच्या पदरात त्या चढत्या भावातलं काही पडत नाही, कारण त्याच्याकडे विकायला तांदूळ उरलेलाच नसतो.

ठरलेलं माप द्यायचं, याला मराठीत शब्द आहे: खंड. 'खंडाने जमीन केली.' पण तुम्ही सबटायटलात 'खंडकरी' लिहिलंत तर घोटाळा होईल. आज खंडकरी शेतकरी म्हणजे ज्यांच्या जमिनी साखर कारखान्यांनी खंडाने घेतल्या, मग त्या शेती महामंडळाकडे गेल्या आणि ज्या परत मिळवण्यात त्यांची पिढी गेली, ते मूळ मालक. म्हणजे शब्द नेमका उलट्या टोकाला जाऊन बसलाय.

माझं मत: कूळ. सरळ, छोटा, एका ओळीत मावणारा. जमीनमालक आणि कूळ. झालं.

रीळ

कूळ माझ्याही डोक्यात होतं, पण शहरातल्या तरुण प्रेक्षकाला 'कुळाचार', 'कुळदैवत' आठवेल अशी धास्ती वाटते.

तलाठ्याची लेक

'कूळकायदा' ऐकलेला नाही असा माणूस महाराष्ट्रात कमी. वाक्यात आलं की कळतं. 'मी त्यांचं कूळ आहे' यात कुळदैवत कुणाला आठवत नाही.

आणि कूळ घ्यायला मला आणखी एक कारण आहे. जुन्या मराठीत सावकाराच्या वहीत ज्याच्या नावावर कर्ज आहे तोही कूळच. 'हे बुडीत कूळ आहे' म्हणजे पैसे परत न येणारा ऋणको. जमीन कसणारा आणि देणं लागणारा, दोघांना एकच शब्द, कारण बहुतेक वेळा माणूस एकच. तुमच्या कान्जीच्या अंगावर जमिनीचं मापही आहे आणि सासऱ्याचं कर्जही. इतका अंगाबरोबर बसणारा शब्द दुसरा सापडायचा नाही.

आखाजी

बसतोय, पण आजच्या कानाला नीट बसत नाही. गावात जमिनीवाल्याला विचारून बघा, पडीक का ठेवली? म्हणेल, 'कूळ लागंल.' सातबाऱ्यावर दुसऱ्याचं नाव चढेल या भीतीने लोक तोंडी अकरा महिन्यांवर देतात नाहीतर तशीच ठेवतात. आज कूळ हा घाबरवणारा माणूस आहे. ज्याच्यामागे कायदा उभा आहे तो. १ एप्रिल १९५७ नंतरचं, म्हणजे कायद्याने 'कसेल त्याची जमीन' झाल्यावरचं कूळ आणि कान्जी यांत जमीन-अस्मानाचा फरक. कान्जीला मालकाने 'पुढच्या वर्षी दुसऱ्याला देतो' म्हटलं तर तो काय करणार होता?

तलाठ्याची लेक

मुद्दा खरा आहे. पण १९५७ च्या आधीच्या कुळांनाही कूळच म्हणत होते. अलिबागजवळच्या चरी गावचा संप घ्या. १९३३ ला सुरू झाला. नारायण नागू पाटलांच्या पुढारपणाखाली कुळांनी खोत-सावकारांची जमीन कसायचीच नाही असं ठरवलं. शेतं ओस पडली, माणसांनी रानातली लाकडं विकून दिवस काढले, पण नांगर धरला नाही. १९३९ पर्यंत चालला. म्हणजे तुमचा चित्रपट आला त्याच वर्षापर्यंत. त्या सहा वर्षांत त्यांच्यामागे कुठला कायदा होता? कूळ हा शब्द आधी लाचारीचा होता, मग झगड्याचा झाला, मग सातबाऱ्यावर चढला. प्रेक्षकाला १९३९ चा काळ पडद्यावर दिसतो आहे, तो बरोबर जुना अर्थ घेईल.

गंमत म्हणजे मुंबई इलाख्यात 'संरक्षित कूळ' ही कल्पना आणणारा पहिला कूळकायदाही १९३९ चाच. आणि जपानमध्येही त्याच वर्षाच्या डिसेंबरात कोसाकुचं माप गोठवणारा हुकूम निघाला, लढाईच्या धामधुमीत. ते कुळांवरच्या प्रेमापोटी नव्हतं, धान्य पिकत राहावं म्हणून होतं.

आखाजी

मग तिकडे संप-बिंप झाले नाहीत का? चित्रपटात तर सगळे मुकाट दिसतात, असं वाचलंय.

तलाठ्याची लेक

झाले की. १९२२ मध्ये कोबेला जपानी शेतकरी संघ स्थापन झाला, समाजसुधारक कागावा तोयोहिको त्यात पुढे होते. त्या दशकात कुळांचे तंटे इतके वाढले की १९२४ ला सरकारला तडजोडीचा वेगळा कायदा करावा लागला. पण 'त्सुची' ज्या कादंबरीवर आहे ती १९१० ची. तेव्हा हे सगळं व्हायचं होतं. कादंबरीतला कान्जी संघटनेचं नावही ऐकलेला माणूस नाही. पोट भरेना की तो शेजारच्या शेतातलं थोडंफार उचलतो आणि पकडला जाण्याच्या भीतीने झोप घालवतो.

खरा निकाल लागला तो युद्धानंतर. १९४६ पासून सरकारने मालकांच्या जमिनी विकत घेऊन कुळांना विकल्या. आधी देशातल्या शेतजमिनीपैकी जवळजवळ निम्मी कुळांच्या हातची होती, काही वर्षांत ती दहा टक्क्यांच्या आसपास उरली.

भाट

गोव्यातून एक भर. आमच्याकडे कूळ आणि मुंडकार हे दोन वेगळे. कूळ शेत कसतं. मुंडकार भाटकाराच्या, म्हणजे जमीनमालकाच्या, जमिनीवर घर बांधून राहतो, त्याचं नातं घराच्या जागेशी. दोघांचे कायदेही वेगळे, कुळाचा १९६४ चा आणि मुंडकाराचा १९७५ चा. हे एवढ्यासाठी सांगितलं, की तुमच्या गोष्टीत घर जळतं असं आठवतं. ते घर कोणाच्या जागेत आहे हे पाहून घ्या. मालकाच्याच आवारालगत असेल तर कान्जीचं ओझं नुसत्या 'कूळ' शब्दात येत नाही.

आणि मालकाला काय म्हणणार आहात? 'जमीनदार' म्हटलंत तर हिंदी सिनेमातला घोड्यावरचा ठाकूर येईल.

रीळ

हे विचारणारच होते. जपानी शब्द 'जिनुशि', म्हणजे जमिनीचा धनी. पण कादंबरीत कान्जीच्या घरचे मालकाला जिनुशि म्हणत नाहीत. ते घर फक्त 'पूर्वेकडचं शेजार' म्हणून येतं. मालकाचं नाव नाही, पद नाही, दिशा तेवढी. मालकीणबाई कनवाळू आहे, अडीअडचणीला मदत करते, आणि तरी ते घर म्हणजे पूर्वेला उभी असलेली एक सत्ता. मैत्रिणीने प्रामाणिकपणे 'पूर्वेकडचे शेजारी' लिहिलंय, आणि मराठीत ते वाटीभर साखर मागायला जावं इतकं घरगुती वाटतंय.

आखाजी

'वाड्यावर' लिहा! 'वाड्यावर बोलावलंय.' 'वाड्यावरून निरोप आला.' मालकाचं नाव आपल्याकडेही घेत नाहीत. इमारतीचं नाव घेतात.

भाट

व्वा. हे फिट्ट बसतं. इमारत म्हणजेच माणूस.

तलाठ्याची लेक

सहमत. शिवाय ही कादंबरी वाड्यावरूनच लिहिलेली आहे. नागात्सुका ताकाशी हा लेखक त्या भागातल्या जमीनमालकाच्या घरचा मुलगा. किनु नदीच्या काठचं गाव, आता ते जोसो शहराच्या हद्दीत येतं. पूर्वेकडचं ते घर म्हणजे त्याचंच घर, असं मानतात. मूळचा कवी, मासाओका शिकी या नावाजलेल्या कवीचा शिष्य. म्हणूनच की काय, गवत, वारा, चिखल यांवर तो पानंच्या पानं लिहितो. सुरुवातच झोंबऱ्या पश्चिमवाऱ्याने होते, दिवसभर पानगळ झालेल्या झाडांना छळणाऱ्या. त्या वाऱ्यात ओशिना, म्हणजे कान्जीची बायको, खांद्यावर कावड घेऊन माल विकून परतते आहे. नवरा तेव्हा तोने नदीच्या कामावर मजुरीला गेलेला. रोजच्या 'असाही शिंबुन'मध्ये ती क्रमशः येत होती आणि वाचकांना जड जात होती. १९१२ ला पुस्तक निघालं तेव्हा नात्सुमे सोसेकी या बड्या कादंबरीकाराने प्रस्तावना लिहिली. त्यात तो म्हणतो, की माझी मुलगी मोठी होऊन गाण्याच्या मैफिली आणि नाटकांचा हट्ट धरू लागेल, तेव्हा मी तिला हे वाचायला देईन. तीन वर्षांनी, १९१५ मध्ये, नागात्सुका क्षयाने गेला. पस्तिशीच्या आसपास.

दंत्य च

उशिरा आलो. कूळ-वाड्याचं ठरलेलं दिसतंय, मी नावाबद्दल बोलतो.

आधी उच्चार. 'त्सुची' हे लिहिणं बरोबर, पण मराठी माणसाला 'त्स'ची कसरत करायची गरज नाही. आपल्याला दोन च आहेत. चुलीतला आणि चिमणीतला. या जपानी शब्दात पहिलं अक्षर चुलीतल्या चाने आणि दुसरं चिमणीतल्या चाने सुरू होतं. कुठल्याही इंग्रजी बोलणाऱ्यापेक्षा सांगलीचा माणूस हे नाव जास्त चोख म्हणेल. लिहिताना मात्र त्सुच ठेवा, कारण दोन्ही ठिकाणी च लिहिला तर होणारा शब्द पोस्टरवर शोभणार नाही.

आता अर्थ. सोपा अर्थ 'माती'. मसुद्यात काय आहे?

रीळ

'माती' आणि कंसात प्रश्नचिन्ह. 'भूमी', 'जमीन', 'धरणी' असेही पर्याय लिहून ठेवलेत.

दंत्य च

'भूमी' आणि 'धरणी' पूजेतले शब्द. 'जमीन' मोजायची, विकायची, नावावर करायची. 'माती'च हवी, आणि कारण नुसतं कोशातलं नाही. गावाकडे 'मातीला गेलो होतो' म्हणजे मयताला गेलो होतो. 'कामाची माती झाली' म्हणजे सगळं वाया. नखात अडकते ती माती, चुलीला पोतेरं घालतात ती माती. कान्जीच्या जन्मात हे सगळं आहे. 'काळी आई' मात्र कृपा करून कुठे आणू नका. नागात्सुकाला मातीचं कौतुक नाही, त्याला तिचा चिकटपणा दिसतो.

एक आडवाट. जपानी 土 या अक्षराचं दुसरं वाचन 'दो'. मृदाशास्त्रात ज्वालामुखीच्या राखेपासून झालेल्या काळपट मातीला 'अँडोसॉल' म्हणतात, त्यातला 'अन्' म्हणजे काळोखा आणि 'दो' म्हणजे हीच माती. तोक्योभोवतीच्या कान्तो मैदानात ती जागोजाग आहे. आपली काळी माती कातळाच्या झिजेतून झालेली, भेगा पडणारी. ती राखेतली, भुसभुशीत, दिसायला सुपीक पण स्फुरद धरून बसणारी, पिकाला न देणारी. पडद्यावर काळीभोर माती दिसली म्हणून विदर्भातल्या प्रेक्षकाने 'काय कसदार रान आहे' म्हणू नये.

आखाजी

हे भारीच. आता बोलीचं सांगा. कान्जी प्रमाण मराठी बोलणार का?

दंत्य च

मूळ संवाद गावठी आहेत. कादंबरीत तर इबाराकीची बोली इतकी दाट आहे, की तोक्योच्या वाचकालाही अडखळायला होतं. पण ओळखता येईल अशी एका जिल्ह्याची बोली देऊ नका. कान्जीच्या तोंडी मालवणी घातली तर तो मालवणचा होईल, वऱ्हाडी घातली तर अकोल्याचा, आणि प्रेक्षक हसायला लागेल. 'न्हाई', 'व्हतं', 'कशापायी', एवढ्यावर थांबा. आणि 'ह्याकुशो' आलं तर 'कुणबी' नको. जपानी शब्द धंद्याचा आहे, आपला जातीचा झालाय. 'शेतकरी' पुरे. ह्याकुशो आता तिकडेही जरा हिणकस मानतात, जपून वापरतात.

रीळ

छान. शेवटी चित्रपटाबद्दल थोडं, कारण सबटायटलांचा त्याच्याशी संबंध आहे. निक्कात्सु या चित्रपट कंपनीच्या तामागावा स्टुडिओत वरच्यांनी या विषयाला पैसे द्यायला नकार दिला, तेव्हा उचिदाने दुसऱ्या चित्रपटांच्या आडून, हाताखालच्या लोकांना विश्वासात घेऊन, ऋतू बदलतील तसं चित्रण केलं, ही गोष्ट प्रसिद्ध आहे. मग तो 'किनेमा जुन्पो' या सिनेमाच्या नियतकालिकाच्या १९३९ च्या उत्तम चित्रपटांच्या यादीत पहिला आला. मूळ लांबी जवळपास १४२ मिनिटं. युद्धानंतर प्रत सापडेना. १९६८ ला पूर्व जर्मनीत एक मिळाली, दीड तासाची, तोडकीमोडकी, चित्रावरच जर्मन अक्षरं छापलेली. पुढे रशियात जास्त लांब प्रत निघाली, पण शेवटचं रीळ तिच्यातही नाही.

दाखवताना आधीच सांगावं लागेल, की गोष्ट मध्येच संपेल, यंत्र बिघडलं म्हणून ओरडू नका.

कोसुगी इसामु कान्जीच्या भूमिकेत आहे. खांदे पाडून, मान पुढे काढून चालतो. बोलतो कमी. म्हणून प्रत्येक शब्द तोलून घालायचा आहे. एक ओळ तुमच्यापुढे ठेवते. मसुद्यात आहे: 'मी पूर्वेकडच्या शेजाऱ्यांकडे भाड्याच्या तांदळात कपात करण्याची विनंती करण्यास जात आहे.'

आखाजी

अरे देवा! तालुक्याच्या कचेरीत अर्ज द्यायला निघाल्यासारखा बोलतोय.

'वाड्यावर जाऊन येतो. खंडात सूट मिळती का बघतो.'

तलाठ्याची लेक

'खंडात' नको, 'खंडाला सूट' पण नको. कूळ म्हणेल, 'औंदा माप कमी करा म्हणून सांगून बघतो.' माप हा शब्द ठेवा, तांदूळ मोजून घालायचा आहे, पैसे नाहीत.

दंत्य च

'सांगून' नाही, 'इनवून'. कूळ वाड्यावर सांगत नाही.

रीळ

'वाड्यावर जाऊन येतो. औंदा माप कमी करा म्हणून इनवून बघतो.' हीच घेते. परिचयात 'कुळांच्या जगण्यावरचा बोलपट' आणि नाव 'माती'. खाली बारीक अक्षरांत 'त्सुची'.

भाट

घराच्या जागेचं बघितलंत का?

रीळ

उद्या मैत्रिणीला विचारून इथेच लिहिते.